रुमाकी, कलेजी आणि चुकलेला शिंगाडा

स्मोक अलार्म बोंबलायला लागला तेव्हा मी स्टुलावर चढून वर्तमानपत्राने वारा घालत होते. खाली ट्रेमध्ये चोवीस रुमाक्या. टूथपिकांचा कोळसा झालेला, बेकन मात्र पांढरं आणि लिबलिबीत.

आम्ही कॅलिफोर्नियात राहतो, ओकलंडपासून अर्ध्या तासावर. व्हिक बर्जरन यांनी १९३४ साली ओकलंडलाच आपला बार काढला आणि पुढे त्याचं ‘ट्रेडर व्हिक्स’ हे नावाजलेलं रेस्टॉरंट झालं. शेजारच्या बाईंना, वय ऐंशीच्या पुढे, याचा कोण अभिमान! त्यांनी घरी टिकी पार्टी, म्हणजे पॅसिफिक बेटांच्या थाटाची पार्टी, ठरवली आणि मला फर्मावलं, “तू रुमाकी आण. आई करायची तशी.” इंग्रजीत तू-तुम्ही नसतं, पण स्वर थेट आत्याबाईंचा होता.

रुमाकी म्हणजे कोंबडीची कलेजी आणि वॉटर चेस्टनटचा तुकडा बेकनमध्ये, म्हणजे डुकराच्या मांसाच्या खारवलेल्या पट्टीत, गुंडाळून भाजायचा. सोबत सोया सॉस, आलं, ब्राउन शुगर. हॉलिवूडमध्ये दारूबंदी उठता उठता सुरू झालेल्या ‘डॉन द बीचकोंबर’ या टिकी बारच्या १९४१ च्या मेन्यूत हे नाव सापडतं. ऐकायला हवाईचं वाटतं, पण हवाईच्या भाषेत ‘र’च नाही. आणि सोया, आलं, चेस्टनट हा सगळा चिनी स्वयंपाकघरातला ऐवज. थोडक्यात, वेताच्या खुर्च्या आणि लाकडी मुखवटे मांडून अमेरिकेने स्वतःसाठी रचलेलं बेट.

कलेजीची मला भीती नव्हती. कोल्हापूरची आहे मी. अर्धा किलो आणली, पांढऱ्या शिरा काढल्या, पित्ताने हिरवा झालेला भाग कापून टाकला (तो राहिला तर सगळं कडू), एकेकीचे दोन तुकडे केले आणि तासभर मुरत ठेवले. गोची झाली चेस्टनटपाशी. वॉटर चेस्टनट म्हणजे आपला शिंगाडाच, असं मी धरून चालले आणि इंडियन स्टोअरमधून फ्रोजन शिंगाड्याचं पाकीट आणलं. पहिल्या घाण्यात तो कलेजीत पिठूळ होऊन बसला. खाताना उकडलेला बटाटा की काय, असं वाटावं.

बाईंना फोन केला. त्या हसल्याच. “अगं, डब्यातलं चिनी वापर!” मग शोधलं तेव्हा कळलं, की इंग्रजीत दोघांना नाव एकच असलं तरी शिंगाडा हे पाण्यावर तरंगणाऱ्या वेलीचं शिंगवालं फळ, आणि चिनी चेस्टनट हा लव्हाळ्याच्या जातीतल्या गवताचा चिखलात वाढणारा कंद. त्याच्या पेशींच्या भिंती फेरुलिक ॲसिडमुळे एकमेकींना अशा घट्ट जखडलेल्या असतात, की शिजवला तरी तो कुरकुरीतच राहतो. मऊ कलेजी आणि खारट बेकन यांच्यामध्ये तो कचकन् तुटला नाही, तर रुमाकीत उरलंच काय?

दुसऱ्या दिवशी नव्याने. खरी अडचण बेकनची. ते कुरकुरीत होईपर्यंत थांबावं तर कलेजी खडूसारखी कोरडी, आणि कलेजीकडे बघून काढावं तर बेकन कच्चं. म्हणून या खेपेला जाड नाही, पातळ बेकन घेतलं, पट्ट्या अर्ध्या कापल्या आणि आधी तव्यावर थोडी चरबी सुटेपर्यंत परतल्या. वाकतील इतपतच; कडक झाल्या तर गुंडाळताना मोडतात. टूथपिक अर्धा तास पाण्यात. ट्रेवर जाळी, म्हणजे चरबी खाली गळते आणि रुमाकी तिच्यात पोहत बसत नाही. ओव्हन ४०० फॅरनहाइट, मध्ये एकदा उलटायचं. साखर मुरवणीत घातलीच नाही; शेवटच्या पाच मिनिटांत सोयाबरोबर वरून लावली. पहिल्या दिवशीच्या धुराची जबाबदारी बरीचशी तिच्याकडे जाते. वीसेक मिनिटांत झालं. एक फोडून थर्मामीटर लावला, कलेजी १६५ च्या वर गेली होती आणि तरीही ओलसर होती.

नवरा डुक्कर खात नाही. त्याच्यासाठी चार तुकडे नुसते तव्यावर परतले, वर काळी मिरी. खरं सांगायचं तर मला तेच जास्त आवडले.

पार्टीत बाईंनी पहिली रुमाकी उचलली, कान देऊन चावली, आणि काही न बोलता आणखी दोन आपल्या बशीत ओढल्या.

उरलेले शिंगाडे एकादशीला उकडून खाल्ले. या पाकिटाला कलेजी लागलेली नाही, एवढं सासूबाईंना फोनवर तीनदा सांगावं लागलं.