आबा ऐकत बसतात

बुधवार, रात्री साडेअकरा

आज पुन्हा ‘श्रीयुत गंगाधर टिपरे’चे जुने भाग लावून बसलो. एक भाग पाहून झोपायचं ठरवलं होतं, तीन झाले.

2001 साली ही मालिका अल्फा मराठीवर सुरू झाली तेव्हा मी साधारण टिपऱ्यांच्या नातवाच्या, शिऱ्याच्या वयाचा होतो आणि माझं सगळं लक्ष शिऱ्यावर असायचं. आज नजर आबांवरून, म्हणजे आजोबा गंगाधर टिपरे झालेल्या दिलीप प्रभावळकरांवरून हलली नाही. मुलगा-सून शेखर-श्यामलाचं काहीतरी चाललेलं असतं, पोरं मध्येच तोंड घालतात आणि आबा ऐकत बसलेले असतात. वाक्य नसताना हा माणूस काय करतो, एवढंच मी पाहत राहिलो. लक्ष वेधून घेण्यासाठी काहीही करत नाही. तरी कुठला शब्द आबांना लागला, ते आपल्याला कळतं.

दिलीप प्रभावळकरांचा जन्म 1944चा. म्हणजे टिपरे सुरू झाली तेव्हा ते अवघे 57 वर्षांचे. केस पांढरे करणं मेकअपमनच्या हातात असतं. पण पन्नाशीकडे आलेल्या मुलाचा बाप होऊन उठायचं-बसायचं, आवाजातला दम थोडा कमी करायचा आणि तेच बेअरिंग इतक्या भागांमध्ये सुटू द्यायचं नाही, हे त्यांचं स्वतःचं. शिवाय आबा मुळात त्यांच्याच लेखणीतून उतरलेले. मालिका ज्यावरून निघाली ते ‘अनुदिनी’ म्हणजे टिपऱ्यांची रोजनिशीच.

आईसाठी मात्र ते कायम चिमणराव. सत्तरच्या दशकाच्या शेवटी, मुंबई दूरदर्शन सुरू होऊन जेमतेम पाच-सहा वर्षं झालेली, टीव्ही कृष्णधवल. चिं. वि. जोशींचा तो भाबडा, बावरलेला चिमणराव आणि सोबत बाळ कर्व्यांचा गुंड्याभाऊ. त्यातलं आज फार थोडं पाहायला मिळतं, याची मला खरोखर हळहळ वाटते.

बाळ कर्व्यांना लोकांनी पुढे आयुष्यभर गुंड्याभाऊ म्हणूनच ओळखलं. 2025च्या ऑगस्टमध्ये ते गेले, तेव्हाही ‘गुंड्याभाऊ गेले’ असंच जो तो म्हणाला. केवढं मोठं प्रेम आहे हे! चिमणरावाचंही तसंच होऊ शकलं असतं, कुणी तक्रार केली नसती. तेच भाबडेपण घेऊन पुढची वीस वर्षं सहज काढता आली असती. प्रभावळकरांनी ‘साळसूद’मध्ये खलनायक केला. ‘चौकट राजा’ सिनेमातला गतिमंद नंदू केला. रंगमंचावर ‘हसवाफसवी’ स्वतः लिहून एकाच प्रयोगात सहा माणसं उभी केली. ‘झपाटलेला’तला तात्या विंचू पाहून माझी धाकटी बहीण रात्री दिवा मालवू द्यायची नाही. तोच माणूस टिपऱ्यांच्या घरात आजोबा होऊन आला आणि ती दर आठवड्याला त्यांची वाट पाहायला लागली. दोघे एकच आहेत हे तिला सांगितलं तेव्हा ती माझ्यावर चिडली होती.

2006च्या ‘लगे रहो मुन्नाभाई’त ते गांधीजी झाले. त्या वर्षीचा सहायक अभिनेत्याचा राष्ट्रीय पुरस्कार त्यांना त्यासाठी आणि ‘शेवरी’साठी मिळाला. गांधीजींनंतर दोनच वर्षांत ‘सरकार राज’मधला कारस्थानी रावसाहेब! माणसं आदरानं पाहायला लागली की त्या आदरातच राहावंसं वाटतं, निदान मला तरी वाटलं असतं.

मालिकेत हे आणखी कठीण असणार. नाटक संपलं की पडदा पडतो, सिनेमा तीन तासांत आटोपतो. मालिकेतला माणूस वर्षानुवर्षं आपल्या घरात येत राहतो. मग तो रस्त्यात दिसला की आपण त्याला त्याच नावानं हाक मारतो, आणि निर्मातेही त्याला पुन्हा तसाच मागतात. चरित्र अभिनेत्याला तर ‘बाप’, ‘काका’, ‘वकील’ अशा खणांत टाकायला वेळ लागत नाही. त्यातून इतक्या वेळा बाहेर पडायचं म्हणजे लोकांना आवडलेली एक-एक गोष्ट स्वतःच्या हातानं खाली ठेवायची. त्यांचं हे मला अभिनयाइतकंच थोर वाटतं.

गेल्या वर्षी आलेल्या ‘दशावतार’मध्ये ते 81व्या वर्षी कोकणातले दशावतारी कलावंत झाले. थिएटरमध्ये माझ्या शेजारच्या आजी दिवे लागल्यावरही उठल्या नाहीत. मीही बसून राहिलो.

तिसऱ्या भागाच्या शेवटी घरातले सगळे आत गेले आणि मी तिथेच थांबवलं. उरलेलं उद्या. ‘अनुदिनी’ची प्रत आईच्या कपाटात आहे बहुतेक, सकाळी फोन करून विचारतो.