आवक नंबर पडला, फलकावर लागलंच नाही

खाणीच्या पर्यावरण मंजुरीला हरित लवादात आव्हान द्यायचं म्हटलं की लोकांना वाटतं, आता धूळ, पाणी, वाघ यांवर वाद रंगणार. रंगतो कधीतरी. त्याआधी भांडण तारखांचं. लवादाच्या २०१० च्या कायद्याचं कलम १६ सांगतं, मंजुरी कळवल्यापासून ३० दिवसांत अपील करा. सबळ कारण असेल तर आणखी ६०. त्यापुढे लवादाच्या मनात असलं तरी दार उघडत नाही.

मी वकील. चंद्रपूर जिल्ह्यातल्या एका गावचे लोक माझ्याकडे आले तेव्हा मंजुरीच्या पत्रावरच्या तारखेपासून नव्वद दिवस केव्हाच उलटले होते. माहिती अधिकारात प्रत मिळाली तिथून मोजलं, तर आम्ही मुदतीत. २०१३ च्या सेव्ह मॉन प्रकरणात लवादानं म्हटलंय की मंत्रालय, कंपनी वगैरेंपैकी ज्यानं कळवण्याचं आपलं काम सगळ्यात आधी पुरतं केलं, तिथून मुदत धरा. म्हणून मी सगळ्यांची अर्धवट कामं शोधत बसतो. कंपनीच्या जाहिरातीत तालुकाच चुकलेला. संकेतस्थळावर नोंद होती, फाइल उघडत नव्हती. राहिली ग्रामपंचायत. पत्र मिळाल्यापासून ३० दिवस ते फलकावर लावायचं, असा नियम आहे. आवक नोंदवहीत नंबर पडलेला, तोही सुवाच्य अक्षरात. कंपनीच्या वकिलाला याहून काय हवं!

ग्रामसेवकाकडे तीन गावांचा चार्ज. नोंदवही मिटत तो स्वतःच म्हणाला, "साहेब, मी लावलंच नाही जी ते. इंग्रजीत होतं, फाइलीला लावून टाकलं. पण लिहून दिलं तर मी जातो."

दारातून एक काकाजी म्हणाले, "लिवून दे ना बापू. आमी हाओत ना तुह्या मांगं."

त्यानं लिहून दिलं, शिक्क्यासकट. कंपनीच्या वकिलानं पुण्यात लवादापुढे विचारलं, पंचायतीच्या चुकीचा भुर्दंड आम्ही का सोसायचा? मुद्दा अगदीच पोकळ नाही. विलंबमाफीच्या अर्जावरचा आदेश राखून ठेवलाय. ज्या नाल्यासाठी गाव उठलं, त्याचं नावही अजून निघालेलं नाही. तो नाला पावसाळ्यात शेतात घुसतो, आणि खाणीचा पर्यावरणावर काय परिणाम होईल ते सांगणाऱ्या आघात अहवालाची मोजमापं पावसाळा सोडून एकाच हंगामात घेतली तरी चालतात! हे नियम लिहिणाऱ्यांनी एकदा तरी ऑगस्टात त्या गावात यावं.

इकडे ग्रामसेवकाला पंचायत समितीची कारणे दाखवा नोटीस आली. उत्तर लिहून द्या म्हणून तो माझ्याकडेच आला. त्याच्या बचावाचं सगळ्यात सोपं वाक्य 'लावलं होतं' हे आहे. खोटं असलं तरी तिथं चालून जाईल, आणि आमचं अपील तिथंच संपेल. मी त्याला सांगितलं, मी गावाचा वकील आहे, तू दुसरा बघ.

"तालुक्यात खाणीच्या कामाचा नसलेला वकील कोण आहे जी?" तो म्हणाला. मी दोन नावं आठवून पाहिली. दोघांकडेही कंपनीचंच काम आहे.