गुप्तहेराविना उरलेला शोध

रहस्यपटात गुप्तहेर हा प्रेक्षकाचा आधार असतो. कितीही खून पडले, तरी अखेरीस तो सगळ्यांना एका खोलीत जमवून उलगडा करणार, या भरवशावर आपण निर्धास्त बसलेले असतो. आर.के.ओ. या अमेरिकी स्टुडिओच्या ‘द सेव्हन्थ व्हिक्टिम’ (१९४३) या कृष्णधवल चित्रपटात हा आधार सुरुवातीलाच काढून घेतला जातो, आणि माझ्या मते त्याचे मोल त्यातच आहे.

बेपत्ता झालेल्या थोरल्या बहिणीच्या, म्हणजे जॅकलिनच्या, शोधात मेरी न्यूयॉर्कला येते. किम हंटरची ही पहिलीच भूमिका. आयर्व्हिंग ऑगस्ट नावाचा एक सामान्य खासगी गुप्तहेर तिच्या मदतीला येतो आणि दोघे रात्री जॅकलिनच्या प्रसाधन-कंपनीत शिरतात. काळोख्या बोळाच्या टोकाला बंद दार आहे. पुढे जायची ऑगस्टची हिंमत होत नाही, पण मेरीच्या आग्रहाखातर तो जातो. परततो तेव्हा एक शब्दही न बोलता, ताठ पावले टाकत तिच्यासमोरून निघून जातो आणि कोसळतो. भेदरलेली मेरी भुयारी रेल्वेत जाऊन बसते, तर समोर दोन माणसे मधल्या ‘दारुड्याला’ खांद्याशी धरून बसलेली असतात. तो दारुडा म्हणजे ऑगस्टचे प्रेत असते, हे तिच्याबरोबरच आपल्याला कळते.

निर्माता व्हॅल ल्यूटन याच्या हाती पैसा बेताचाच असे, पण त्या तुटपुंजेपणाचा त्याने गुण करून घेतला. छायाचित्रकार निकोलस मुसुराका जे दाखवत नाही, ते आपले मन भरून काढते. स्नानगृहातला प्रसंग पाहावा: पडद्याआड फक्त टोपी घातलेल्या बाईची सावली उभी राहते आणि मेरीला शांतपणे परत जाण्यास बजावते. स्नानगृहातल्या खुनाच्या प्रसंगासाठी गाजलेला हिचकॉकचा ‘सायको’ यायला तेव्हा सतरा वर्षे अवकाश होता. संकलकाच्या टेबलावरून आलेल्या मार्क रॉब्सनचे हे पहिलेच दिग्दर्शन आहे, यावर विश्वास बसणे कठीण जाते.

शोधाची वाट ग्रीनिच व्हिलेजमधल्या सैतानाच्या उपासकांपर्यंत जाते. मंत्र, धूर, बळीची वेदी यांपैकी इथे काहीच नाही. नीटनेटके कपडे केलेली, दिवाणखान्यात बसून मृदू आवाजात बोलणारी सभ्य माणसे आहेत. पंथाचे गुपित फोडणाऱ्याला मरण, हा त्यांचा नियम, पण हिंसा न करण्याचीही त्यांची शपथ आहे. त्यामुळे ते जॅकलिनला खुर्चीत बसवतात, विषाचा पेला समोर ठेवतात आणि तासन्‌तास तिची मनधरणी करत राहतात. खुनाचे इतके सुसंस्कृत आणि इतके किळसवाणे रूप मी दुसऱ्या कोणत्याही जुन्या रहस्यपटात पाहिलेले नाही.

चित्रपट निर्दोष नाही. मेरी आणि जॅकलिनचा नवरा यांच्यातली ओढ पुरेशी उमलत नाही, आणि पंथीयांना प्रार्थनेचे शब्द ऐकवून खडसावण्याचा प्रसंग उपदेशासारखा वाटतो. जीन ब्रूक्सची जॅकलिन मात्र या सगळ्यापलीकडची आहे. वाट्याला मोजकेच प्रसंग येऊनही तिच्या चेहऱ्यावर जगण्याचा जो थकवा दिसतो, त्यापुढे खून कोणी केला हा प्रश्न दुय्यम ठरतो.