माशा-बटाट्याचे कोफ्ते आणि न घातलेले अंडे

इंदापूरच्या माणसाला मासा शिकवावा लागत नाही, अशी माझी पक्की समजूत होती. उजनीच्या पाण्यातली चिलापी भिगवणच्या बाजारातून आणायची, आईने तिचे झणझणीत कालवण करायचे आणि काटे काढत काढत भाकरीशी खायचे, यात माझे सगळे बालपण गेले. त्यामुळे पत्नीच्या नोकरीनिमित्त आम्ही दोन वर्षांसाठी इजिप्तमध्ये अलेक्झांड्रियाला राहायला गेलो आणि घरचा स्वयंपाक माझ्याकडे आला, तेव्हा अनफूशीच्या मासळीबाजारात ‘बुल्टी’ नावाने मांडलेला मासा पाहून मला ओळखीचे कुणी भेटल्यासारखे वाटले. बुल्टी म्हणजे आपल्या चिलापीच्याच कुळातला, नाईल नदीचा मासा. समुद्राकाठच्या शहरात नदीचा मासा का घ्यावा, हा प्रश्न मलाही पडला होता. त्याचे उत्तर डिसेंबरात मिळाले. हिवाळ्यात तिथे ‘नव्वा’ म्हणजे समुद्री वादळे ठरावीक सुमारास येतात, त्यांना नावेही असतात, आणि डिसेंबरच्या आरंभी ‘कासिम’ नावाची नव्वा आली की होड्या किनाऱ्याला बांधून ठेवतात आणि समुद्राची मासळी महागते. बुल्टी मात्र बहुतांशी नाईलच्या त्रिभुज प्रदेशातल्या तळ्यांत पाळलेली असते, त्यामुळे तिला वादळाचे सोयरसुतक नसते.

अशाच एका पावसाळी संध्याकाळी समोरच्या घरातल्या वृद्ध बाईंनी एक झाकलेले ताट आणून दिले. संपूर्ण इमारत त्यांना ‘तान्त’ म्हणत असे. हा मावशी-काकू अशा अर्थाचा, फ्रेंचमधून तिथल्या अरबीत रुळलेला शब्द. ताटात लिंबाएवढे, गडद सोनेरी रंगाचे गोळे होते. तोडल्यावर आतून जिऱ्याचा दरवळ आला, मग लसूण, मग अगदी शेवटी मासा. बटाटा आहे हे जिभेला कळत होते, पण तो पुढे पुढे करत नव्हता. याला तिथे ‘कुफ्तेत समक’, म्हणजे माशाचा कोफ्ता, म्हणतात, आणि तो बटाटा घालून, तांदळाचे पीठ घालून किंवा नुसत्या माशाचा, असा घरोघरी वेगळा होतो. शेजाऱ्याचे ताट रिकामे परत करू नये हा संकेत त्यांच्याकडेही आहे आणि आपल्याकडेही. ते ताट त्याच कोफ्त्यांनी भरून परत करायचे, असे मी ठरवले. त्यात थोडा अभिमान होता, हे आता कबूल करतो.

पहिला प्रयत्न भाषेनेच बुडवला. इमारतीचा बव्वाब, म्हणजे दारावरचा रखवालदार, रहिवाशांची वाणसामानाची कामे करून देत असे. त्याला मी आत्मविश्वासाने ‘एक किलो बटाटा’ सांगितला. इजिप्शियन अरबीत बटाट्याला ‘बतातिस’ म्हणतात आणि ‘बताता’ म्हणजे रताळे, हे मला ठाऊक नव्हते. त्याने इमानेइतबारे एक किलो रताळी आणून दिली. हिवाळा हा तिथे रताळ्यांचाच मोसम. रस्त्यारस्त्यांवर हातगाडीवरच्या भट्टीत ती भाजत असतात. पिशवी उघडल्यावर चूक समजली होती, तरीही बाहेर पाऊस असल्याने आणि ‘रताळे काय, बटाटे काय, उपवासाला दोन्ही चालतात’ अशा उनाड तर्काने मी तीच उकडून माशात कुस्करली. रताळ्यातली साखर तेलात पडताच करपू लागते. मिनिटभरात गोळे बाहेरून काळपट झाले, आतून कोमट राहिले, आणि गोडसर माशाची ती चव आम्ही दोघांनी एकेका घासातच निकालात काढली.

दुसऱ्या वेळी बतातिस आणले. सोलून, फोडी करून, भरपूर पाण्यात उकडले. मासाही पाण्यात उकडला, दोन्ही एकत्र कुस्करले, मसाला घातला आणि गोळे तेलात सोडले. पहिला गोळा क्षणभर तरंगला आणि मग ढेकूळ पाण्यात विरघळावे तसा कढईभर पसरला. तेल इतके तडतडले की मी झाकणाची ढाल करून गॅस बंद केला. उरलेल्यातले मूठभर वाडग्यात राहू देऊन बाकीच्या मिश्रणात मी एक अंडे फोडले, दोन मुठी पावाचा कोरडा चुरा मिसळला आणि पुन्हा तळले. आता गोळे टिकले. चवीला ते मऊ केकसारखे लागत होते, परंतु आकार शाबूत होता. मी ताट भरून तान्तच्या दारात उभा राहिलो.

त्यांनी झाकण उचलून पाहिले, वास घेतला आणि विचारले, “फीहा बेद?” यात अंडे आहे का? मी अभिमानाने होकार दिला. त्यांनी ताट हळूच माझ्याकडे सरकवले आणि मोडक्या इंग्रजीत, माझ्या त्याहून मोडक्या अरबीचा आधार घेत, समजावून सांगितले. त्या कॉप्टिक ख्रिस्ती होत्या. त्यांचा नाताळ ७ जानेवारीला असतो आणि त्याआधी २५ नोव्हेंबरपासून ४३ दिवसांचा उपवास चालतो. त्या काळात मांस, अंडी, दूध, लोणी वर्ज्य. मासे मात्र चालतात, बुधवार आणि शुक्रवार सोडून. साबुदाण्यावर वाढलेल्या माझ्यासारख्याला ‘उपवासाला मासे’ हे पचायला थोडा वेळ लागला. पण त्यांनाही आमच्याकडे उपवासाला तळलेले वडे खातात हे ऐकून तेवढेच हसू आले. मुख्य म्हणजे, त्या कोफ्त्यांत बटाटा का असतो याचा उलगडा मला तिथे, त्यांच्या दारात झाला. तान्तच्या घरात बटाटा भर घालायला नव्हता, तो अंड्याच्या जागी होता.

मग त्या स्वतःच माझ्या स्वयंपाकघरात आल्या. वाडग्यात उरलेले, अंडे न घातलेले मूठभर मिश्रण त्यांनी तळहातावर घेऊन दाबले, आणि बोटांच्या फटींतून थेंब ओघळले. “मय्या,” त्या म्हणाल्या. पाणी. पुढचा तासभर त्यांनी हा एकच शब्द इतक्या वेळा उच्चारला की सगळी कृतीच मला त्या शब्दाभोवती आठवते.

माझी पहिली चूक सोललेल्या फोडी उकडण्याची होती, कारण उघडी फोड पाणी पीत राहते. त्यांनी मध्यम आकाराचे बटाटे सालीसकट, अखंड उकडायला लावले, गरम असतानाच सोलायला लावले आणि मग रिकाम्या पातेल्यात मंद आचेवर दोन मिनिटे हलवत वाफ पूर्णपणे जाऊ द्यायला सांगितले. पातेल्याच्या तळाला पांढरा पापुद्रा धरू लागला की बटाटा कोरडा झाला. कुस्करायचा तो हातानेच. मिक्सरमध्ये फिरवला तर त्यातला स्टार्च सुटून खळीसारखा चिकट गोळा होतो आणि कोफ्ता रबरासारखा लागतो. माशाच्या बाबतीत तर त्यांनी पातेल्यातले पाणी शब्दशः बेसिनमध्ये ओतून दिले. अर्धा किलो बिनकाट्याच्या तुकड्यांना मीठ, लिंबू, ठेचलेला लसूण आणि जिरेपूड चोळून वीस मिनिटे ठेवायचे. मिठाने जे पाणी सुटेल ते टाकून द्यायचे. आणि मग जाड तव्यावर पाण्याचा थेंबही न घालता, झाकण ठेवून, मासा पांढरा होऊन पाकळ्या सुटेपर्यंत शिजवायचा. थंड झाला की स्वच्छ फडक्यात घालून, चक्क्यासाठी दही पिळतो तसा, पण हलक्या हाताने पिळायचा. पिळला नाही तर कोफ्ता फुटतो, फार पिळला तर चोथा होतो. ही मधली जागा बोटांनाच सापडते. काट्यांचे काम मात्र त्यांनी बिनतक्रार माझ्यावर सोपवले आणि तिथे उजनीचे शिक्षण कामी आले.

अर्धा किलो माशाला त्यांनी पाव किलोहून थोडा कमी बटाटा घेतला. माझे प्रमाण बरोबरीचे होते, त्यामुळे मासा मागे पडत होता. मसाल्यात सर्वांत वरचढ जिरे. तिथे माशाबरोबर जिरे जवळजवळ अपरिहार्य मानतात. अत्ताराकडून, म्हणजे मसाल्यांच्या दुकानदाराकडून, ते ताजे दळून आणतात. (आपल्याकडचे अत्तार हे आडनाव त्याच शब्दातून आले आहे.) दीड चमचा जिरेपूड, एक चमचा धनेपूड, पाव चमचा मिरी, चवीपुरती ‘शत्ता’ म्हणजे लाल तिखट, चार पाकळ्या लसूण आणि बारीक चिरलेली कोथिंबीर, पार्स्ली व शेपू. शेपू पाहून मी तोंड वाकडे केले, कारण घरी शेपूची भाजी असली की मी शेजारी जेवायला जात असे. पण माशाबरोबर तो चिमटीभरच पडतो आणि तळल्यावर त्याचा उग्रपणा निघून जातो. पाला धुतल्यावर तो फडक्यावर पसरून सुकवायचा. पुन्हा मय्या.

गोळे वळून झाले आणि मी कढईकडे वळलो, तेव्हा तान्तना वार आठवला. बुधवार होता. आज त्यांना मासा चालणार नव्हता. त्यांनी शांतपणे गोळे ताटलीत मांडले, झाकले आणि फ्रिजमध्ये ठेवून “बुक्रा” म्हणजे उद्या, असे सांगून त्या निघून गेल्या. मी मनातून खट्टू झालो होतो.

गुरुवारी संध्याकाळी ताटली बाहेर काढली तेव्हा गोळे बोटांना घट्ट लागले. गार झाल्यावर उकडलेल्या बटाट्यातला स्टार्च आवळून येतो आणि मिश्रणाला धरून ठेवतो; अंड्याचे निम्मे काम त्या एका रात्रीने केले होते. उरलेले काम वरच्या आवरणाचे. अंडे नसल्याने मैद्याची पाण्यात भज्यांच्या पिठापेक्षा थोडी पातळ भिजवण करायची, गोळा आधी कोरड्या मैद्यात, मग भिजवणीत आणि शेवटी ‘बुसुमात’मध्ये, म्हणजे पावाच्या भाजलेल्या चुऱ्यात, घोळवायचा. कोरडा मैदा वगळला तर आवरण तेलात सालीसारखे सुटून येते. गार गोळे तेलाची उष्णता झपाट्याने खाली आणतात, त्यामुळे एका वेळी पाचाहून अधिक सोडले नाहीत. चुऱ्याची चिमूट टाकल्यावर ती लगेच वर येऊन फेसाळली की तेल तयार आहे असे समजायचे. स्वयंपाकाच्या तापमापकावर मी नंतर पाहिले, तर ते १७५ अंशांच्या आसपास होते. आत सगळे शिजलेलेच असते, त्यामुळे रंग येईपर्यंतच तळायचे. पहिले पाच सोडून मी झाकण हातात धरून उभा राहिलो. त्याची गरज पडली नाही.

सोबत ताहिना केली. तिळाच्या त्या लगद्यात लिंबू आणि पाणी घातले की आधी तो अचानक घट्ट होऊन बसतो आणि आपण बिघडवले असे वाटते, पण आणखी पाणी घालून घोटत राहिले की पांढराशुभ्र आणि सैल होतो; सगळ्या पाककृतीत पाणी वाढवायची मुभा या एकाच ठिकाणी होती. त्यात लसूण, मीठ आणि अर्थातच जिरे. ताट भरून मी समोरचे दार वाजवले.

तान्तनी एक कोफ्ता मधोमध तोडला, आतला भाग बोटाने दाबून पाहिला, बोट कोरडे निघाले तसे ते माझ्यासमोर धरून दाखवले आणि मग तो ताहिनात बुडवून खाल्ला. “कम्मून शुवय्या, या इब्नी,” त्या म्हणाल्या. जिरे आणखी थोडे हवे होते, बाळा. ताट त्यांनी ठेवून घेतले, आणि शनिवारी ते माझ्याकडे संत्र्यांनी भरून परत आले.