पासवर्ड घरातच होता

आमचं घर बेळगावच्या वडगावात. खाली माग, वर आम्ही. वडगाव, खासबाग, शहापूर म्हटलं की माग आलेच. दिवसभर खटखट चालू असते, वरून हाक मारली तर खाली ऐकू जात नाही. 2021 साली वायफाय घेतलं, तेव्हा राऊटर जिन्याच्या तोंडाशी बसवून घेतला, खालीही थोडी रेंज मिळावी म्हणून. जोडणाऱ्या पोराने पासवर्ड मागच्या स्टिकरवर पेनाने लिहून दिला. पुढे धाकट्या भावोजींनी तो बदलला, सगळ्यांच्या फोनमध्ये टाकून दिला आणि नोकरीसाठी पुण्याला गेले.

यंदा लेकीला कॉलेजसाठी नवा फोन घेतला. फोनने पासवर्ड विचारला आणि घरात कुणालाच तो सांगता येईना. स्टिकरवरची शाई सुताच्या धुळीने आणि पुसून पुसून गेलेली, आणि तो पासवर्ड तसाही जुनाच. भावोजींना फोन लावला तर शिफ्टवर, बंद.

लेक म्हणाली, "आई, मागचं बारकं बटण पिनेनं दाबूया की. सगळं पहिल्यासारखं होतंय."

"थांब गे," म्हटलं. ते बटण दाबून धरलं की राऊटर कोरा होतो. वायफायचा पासवर्ड तर जातोच, पण कंपनीने लाईन चालू करताना आत भरलेलं युजरनेमही बरेचदा जातं. मग माणूस येईपर्यंत घर बिननेटचं. शेजारच्या गल्लीत एकांनी हेच केलं आणि चार दिवस बसून राहिले. कुणी ते बटण दाबायला निघालं तर आधी हात धरा.

पासवर्ड तर माझ्याच फोनमध्ये होता. रोज आपोआप जोडला जातो, म्हणजे फोनला तो पाठ आहे. माझा फोन मराठीत आहे. सेटिंग्जमध्ये गेले, नेटवर्क आणि इंटरनेट, मग वायफाय, आमच्या नावाशेजारचं दातेरी चाक, आणि तिथे "शेअर करा". फोनने आधी बोट मागितलं. तीन वेळा ठेवलं, घेतलं नाही. सुताला गाठी मारून मारून माझ्या अंगठ्याच्या आणि शेजारच्या बोटाच्या रेषा गुळगुळीत झाल्यात, आधारच्या मशीनवरही हेच होतं. शेवटी पिन टाकला. काळापांढरा चौकोन, म्हणजे क्यूआर कोड, उघडला, आणि त्याच्या खाली बारीक अक्षरात पासवर्ड. इतकी वर्षं तो माझ्या पदरातल्या फोनमध्ये होता आणि मी भावोजींना शोधत होते.

ही सोय 2019 साली आलेल्या अँड्रॉइड 10 पासूनच्या फोनांत आहे. काही कंपन्यांच्या फोनवर नुसता चौकोन दिसतो, खाली अक्षरं नसतात. तेव्हा त्याचा स्क्रीनशॉट घेऊन गूगल लेन्समध्ये उघडायचा. कधी नाव आणि पासवर्ड वेगवेगळे दिसतात, कधी एक सलग ओळ दिसते: सुरुवातीला वायफाय, मग टी, एस आणि पी ही अक्षरं. एस-पुढे नेटवर्कचं नाव, पी-पुढे पासवर्ड. सासूबाईंच्या जुन्या फोनमध्ये चौकोन टिपायची सोय नाहीच, तिथे हाताने टाईप करावं लागलं. कॅपिटल आणि स्मॉल वेगळं धरतात, आणि शून्य की ओ यात आम्ही दोनदा चुकलो. मी लेकीला एकेक अक्षर मोठ्याने सांगितलं तेव्हा जमलं.

पुण्याहून आलेल्या पुतण्याकडे आयफोन. त्याने माझ्या फोनवरचा चौकोन नुसत्या कॅमेऱ्याने टिपला आणि जोडला गेला. आयफोनमधला साठवलेला पासवर्ड बघायचा असेल तर 2022 च्या आयओएस 16 पासून वायफायच्या नावाशेजारच्या गोलातल्या इंग्रजी "i" या खुणेवर बोट ठेवायचं, मग पासवर्डवर. चेहरा किंवा पासकोड मागतो आणि दाखवतो.

आता मनातलं सांगते. पलीकडच्या अक्का कानडी. त्यांच्या नातीची दहावी, निकाल नेटवर, आणि नेमका त्या दिवशी त्यांचा रिचार्ज संपलेला. नात धावत आली. तिचा फोन कानडीत, माझा मराठीत. मी चौकोन उघडून समोर धरला, तिने कॅमेरा लावला, क्षणात जोडला. "बंतु, बंतु!" (आलं, आलं!) म्हणत तिथेच जिन्यात बसली आणि निकाल उघडला. अक्का पायरी धरून उभ्या होत्या. पास झाली होती. आमच्या गल्लीत साखर वाटली तेव्हा ती दोन्ही भाषांत गोड लागली.

मी नेट द्यायला मागेपुढे बघत नाही. पण चौकोन फोनवरून पाठवत नाही. लेकीने हौसेने त्याचा फोटो नातेवाइकांच्या ग्रुपवर टाकला होता, तो मी लगेच सगळ्यांसाठी काढायला लावला. चौकोन म्हणजे उघडा पासवर्डच आहे, कुलूप नव्हे. ज्याच्याकडे फोटो गेला, त्याच्याकडे घराची किल्ली गेली. आपल्या नेटवरून कुणी काही वेडंवाकडं केलं तर कनेक्शन आपल्या नावावर आहे, विचारणा आपल्याकडेच होते. म्हणून समोर आलेल्या माणसाला मी समोरच फोन धरून देते. बऱ्याच राऊटरांत पाहुण्यांसाठी वेगळं नाव आणि वेगळा पासवर्ड ठेवता येतो. भावोजी गणपतीला आले की ते करून घेणार आहे. मागावर येणाऱ्या पोरांनाही त्यातूनच नेट देता येईल, घरच्या पासवर्डला हात लावायला नको.

संध्याकाळी भावोजींचा फोन आला. "वहिनी, मिस्ड कॉल दिसले, काय झालं?"

"पासवर्ड पाहिजे होता."

"मलाही आता आठवत नाही हो."

मी सांगितला त्यांना. मग साड्यांच्या हिशेबाची वही काढली, मागच्या पुठ्ठ्याच्या आत गॅसचा नंबर आहे, त्याच्या खाली पासवर्ड लिहिला. कॅपिटल अक्षरांखाली रेघ मारली, शून्याला आडवी काट दिली, शेजारी तारीख टाकली. वही दिवाणखान्याच्या कपाटात वरच्या खणात असते. घरात सगळ्यांना सांगून ठेवलंय.