‘नाव लिहून ठेवा, फोन करू’ : एचपीव्ही लसीचा माझा अनुभव

लस टोचायला मिनिटभरही लागत नाही. ती मिळवण्यात मात्र आमचा अख्खा कापसाचा हंगाम गेला आणि तो एका दवाखान्याच्या काउंटरपायी गेला. त्याची चीड अजून उतरलेली नाही. गाव यवतमाळ जिल्ह्यातलं आहे. तालुका सांगत नाही, कारण सांगितला तर ते काउंटर कुठलं हे तिथला कोणीही ओळखेल.

माझ्या मोठ्या जाऊबाई गर्भाशयाच्या तोंडाच्या कॅन्सरने गेल्या. पाळी नसतानाही अंगावर जायचं, पांढरं तर नेहमीचंच. वावरातल्या कामाने उष्णता झाली म्हणायच्या आणि धने-जिऱ्याचं पाणी प्यायच्या. नागपूरला तुकडोजी कॅन्सर हॉस्पिटलात नेलं तेव्हा आजार बराच पुढे गेला होता. महात्मा फुले योजनेत बसल्याने उपचाराला पैसे लागले नाहीत, शेकही (रेडिएशन) झाले, पण त्या वाचल्या नाहीत. तिथल्या एका डॉक्टर मॅडमनी मला बाजूला बसवून सांगितलं, की हा कॅन्सर जवळजवळ नेहमी एचपीव्ही नावाच्या विषाणूमुळे होतो. विषाणू पुष्कळ बायकांच्या अंगात येतो आणि बहुतेकींच्या अंगातून आपोआप जातो. काहींच्या मात्र ठाण मांडून बसतो आणि पंधरा-वीस वर्षांनी त्याचा कॅन्सर होतो. त्याचे प्रकार खूप आहेत, पण शंभरातल्या सत्तरएक केसेस १६ आणि १८ नंबरच्या दोनच प्रकारांमुळे होतात, आणि त्या दोघांवर लस आहे. मग त्यांनी विचारलं, ‘घरात मुली आहेत का?’

होत्या. जाऊबाईंची मुलगी, आता माझ्याचकडे असते, तेव्हा चौदा पूर्ण. आणि माझी बारा वर्षांची.

सगळं प्रकरण त्या चौदावर अडून होतं, म्हणून नीट सांगते. ९ ते १४ वयात लस सुरू केली तर दोन डोस पुरतात, सहा महिन्यांच्या अंतराने. पहिलाच डोस पंधरा पूर्ण झाल्यावर घेतला तर तीन लागतात. थोरलीला पंधरा उन्हाळ्यात पूर्ण होणार होते. म्हणजे कोणी आम्हाला नुसतं थांबवून ठेवलं, तरी एका डोसाचा खर्च अंगावर येणार होता.

आधी आशाताईला विचारलं. तिने सरळ सांगितलं, ‘आपल्या पीएचसीत हे लस नाई येत अजून, वैनी.’ असं उत्तर मिळालं की राग येत नाही. माणूस दुसरा रस्ता धरतो. (तुम्हीही सुरुवात तिथूनच करा. सरकारी मोहिमेत पोरीचं वय बसत असेल तर खिशातले पैसे कशाला घालवायचे?)

दुसरा रस्ता म्हणजे तालुक्याचं एक खाजगी प्रसूतिगृह. काउंटरवरच्या बाईने विचारलं, ‘कोनाले पायजे, तुमाले?’

‘नाई, पोरीईले.’

‘लग्न जमलं काय पोरीचं?’

‘चौदाची हाये.’

‘मंग आतापासून कायले?’

आता काय सांगू? हा विषाणू शरीरसंबंधातून पसरतो, म्हणून तो अंगात शिरायच्या कितीतरी आधी लस द्यायची असते, आधीच शिरलेल्याला ती बाहेर काढत नाही, हे मला पाठ होतं. पण मागे नवरे, सासवा, रिपोर्टच्या पिशव्या घेतलेली माणसं रांगेत. त्यांच्यासमोर पोरीला शेजारी उभी करून हे बोलायचं? मी म्हटलं, ‘डॉक्टरनं सांगतलं.’ मग तिने एका बियाणं कंपनीची जुनी डायरी ओढली. ‘नाव लिहून ठेवा. पेशंट जमले का फोन करू.’

किती जमले म्हणजे जमले, ते तिलाही माहीत नव्हतं.

फोन आला नाही. मी केला. ‘साहेब ओटीत हायेत.’ पुन्हा केला. ‘डिस्ट्रिब्युटरकडं माल नाई.’ बाजारच्या दिवशी प्रत्यक्ष गेले तर, ‘ते बाई आज सुट्टीवर हाये, डायरी तिच्याजवळ असते.’ डायरीसुद्धा सुट्टीवर! एकदा तर मलाच समजावलं, ‘बजेटात आलं ना, सरकार फुकट देनार हाये, थांबा जराशा.’ ते २०२४च्या फेब्रुवारीतलं अंतरिम बजेट. त्यात अर्थमंत्री एवढंच म्हणाल्या होत्या, की ९ ते १४ वर्षांच्या मुलींच्या लसीकरणाला प्रोत्साहन देऊ. पेपरात मी स्वतः वाचलं होतं. प्रोत्साहन दंडात टोचता येत नाही, बाई.

शेजारच्या मेडिकलवाल्याने वेगळाच उपाय काढला. लस मागवून देतो, घरी न्या आणि टोचणारा पाहून घ्या. ते मी साफ नाकारलं, तुम्हीही नाकारा. ही लस २ ते ८ अंश तापमानात ठेवावी लागते. तापली तरी वाया जाते आणि बर्फाला लागून गोठली तरी वाया जाते. आमच्याकडे लाइट गेली की कधी येईल त्याचा नेम नाही, आणि घरचा फ्रीज पोरं दिवसभर उघडतात. शिवाय खराब झालेली लस पाहून ओळखू येईलच असं नाही. बाहेरून आणलेली लस टोचत नाही म्हणणारे डॉक्टर भेटतात. त्यांच्यावर चिडू नका, ते बरोबर आहेत.

मग एक दिवस ती बाई फोन घ्यायला आत गेली आणि डायरी माझ्यासमोर उघडी राहिली. मी पाहिली. बारीक अक्षरात नावंच नावं, गावं, मोबाइल नंबर. काहींच्या पुढे आदल्या वर्षीच्या तारखा. एकाही नावापुढे टिकमार्क नाही. माझं नाव दोनदा होतं, एकदा आडनाव चुकवून. या एवढ्या पोरी जमल्या नाहीत तर आणखी किती जमायला हव्या होत्या? ती परत आली तेव्हा मी हेच विचारलं, आणि आवाज चढवूनच विचारलं.

‘तुमालेच एवढी घाई काऊन हो?’

‘हिची माय ह्याच कॅन्सरनं गेली.’

‘मंग साहेबाशी बोला.’ आणि लगेच, ‘पन ते आज नाईत.’

त्या दिवशी एसटी स्टँडवर बसून मी बचत गटातल्या एकीला फोनवर इतकं बोलले, की शेजारचा म्हातारा उठून दुसऱ्या बाकावर गेला.

वाट सापडली ती भाचसुनेमुळे. ती यवतमाळला राहते, तिचं बाळ लहान. ती म्हणाली, ‘मामी, आमच्या मुलांच्या डॉक्टरकडे भिंतीवर लसींचा तक्ता आहे, त्यात खाली एचपीव्ही लिहिलंय.’ तिने विचारलं. ‘आहे, घेऊन या.’ झालं! बालरोगतज्ज्ञांकडे लसी रोजच्या असतात, फ्रीज त्यासाठीच असतो, तापमान लिहून ठेवलेलं असतं. म्हणून मी आता सगळ्यांना सांगते, बाईच्या आजाराची लस म्हणून बायकांच्याच डॉक्टरकडे जाऊन बसू नका. आधी मुलांच्या डॉक्टरला फोन लावा. आणि ‘मिळेल का’ असं विचारू नका, ‘आज फ्रीजमध्ये आहे का’ असं विचारा.

तिथे पंधरा मिनिटांत काम झालं, त्यातही बराच वेळ नुसतं बसायचाच होता. या वयातल्या पोरींना सुईनंतर कधी चक्कर येते, म्हणून बसवून ठेवतात. माझीचा दंड दोन दिवस दुखला. थोरलीला रात्री जरासा ताप आला आणि उतरला. तिची पाळी चालू होती, त्याने काही अडत नाही म्हणाले. ताप अंगात असेल तर मात्र पुढची तारीख देतात. आम्ही पुण्याच्या सीरमची सर्व्हाव्हॅक घेतली, डोसाला दोन हजारांच्या आसपास. तिला २०२२मध्ये परवानगी मिळाली. त्याआधी बाहेर देशाच्याच लसी होत्या, त्या बऱ्याच महाग. नऊ प्रकारांवर चालणारी बाहेरचीही एक आहे, ती कितीतरी पट महाग. १६ आणि १८ दोन्हींत आहेत, हे ऐकल्यावर मी पुढे विचार केला नाही.

घरातला विरोध सांगायचा राहिला. सासूबाई म्हणाल्या, ‘पोरीले पुढं लेकरू होनार नाई.’ दिरांनी मोबाइलवर व्हिडिओ दाखवला, आंध्रात लस घेऊन पोरी मेल्या. डॉक्टरांना तोच दाखवला. त्यांनी सांगितलं, की तेव्हाच्या आंध्रातल्या (आता तेलंगणातल्या) खम्मम आणि गुजरातमधल्या वडोदरा जिल्ह्यात २००९मध्ये लसीचा प्रकल्प झाला होता. काही मुलींचे मृत्यू झाले आणि २०१०मध्ये तो थांबवला. चौकशीत मृत्यूंचा लसीशी संबंध दिसला नाही. एक मुलगी पाण्यात बुडालेली, एकीला साप चावलेला. पालकांची संमती घेण्याच्या पद्धतीवर मात्र ताशेरे आले आणि ते योग्यच होते. लसीत जिवंत विषाणू नसतो, नुसतं त्याच्यासारखं दिसणारं कवच असतं, आणि लेकरू न होण्याशी तिचा काही संबंध नाही. दीर गप्प झाले. सासूबाई झाल्या नाहीत, पण एसटीच्या भाड्याचे पैसे त्यांनीच दिले.

दुसऱ्या डोसाची तारीख ऐन पेरणीत आली. पहिला कापसाच्या पैशात बसला होता, आता बियाणं-खतातच सगळं गेलेलं. डॉक्टर म्हणाले, थोडा उशीर चालतो, पहिला फुकट जात नाही, सहा महिन्यांच्या आधी मात्र येऊ नका. आम्ही पोळ्यानंतर गेलो. थोरलीला तोवर पंधरा पूर्ण झाले होते, पण पहिला डोस आधी झाल्याने दोनच लागले. हा माझा त्या डायरीवरचा विजय समजा.

आणि लस पोरींना मिळाली म्हणून आपण सुटलो असं नाही. तीस ओलांडलेल्या बायांची सरकारी दवाखान्यात फुकट तपासणी होते, ॲसिटिक ॲसिड, म्हणजे व्हिनेगरसारखं पाणी, लावून गर्भाशयाचं तोंड पाहतात. मी ग्रामीण रुग्णालयात करून आले. दुखत नाही, लाज पाचेक मिनिटं वाटते. लस घेतलेल्या पोरींनाही पुढे त्या वयात हे करावंच लागेल, कारण लस सगळ्या प्रकारांवर चालत नाही.

कार्डावर शिशीचं स्टिकर लावून घ्या आणि दुसरी तारीख तिथेच लिहून घ्या. पोरींना खाऊ घालून न्या. आणि सैल बाहीचा ड्रेस घाला. माझीची बाही वर सरकेना, शेवटी भाचसुनेची ओढणी आडवी धरावी लागली.