मालवणी वाटपातले गट्टे

भाजीचे भाव चढले की मुंबईत घरोघरी एकतर पिठलं, नाहीतर बटाट्याचा रस्सा. या दोन्हींचा कंटाळा आला की मारवाडी गट्टे, म्हणजे बेसनाच्या उकडलेल्या वळकट्यांचे तुकडे, कामाला येतात, कारण त्यांना भाजी लागतच नाही. राजस्थानात ते दह्याच्या रश्श्यात शिजतात. इथे गट्टे तसेच ठेवून रस्सा पूर्ण मालवणी करायचा. पूर्ण म्हणजे पूर्ण. थोडं दहीही आणि थोडं भाजलेल्या कांदा-खोबऱ्याचं वाटपही, असं निम्मं-निम्मं केलं की दही फुटतं, खोबरं तळाशी बसतं आणि चव धड मारवाडी ना धड कोकणी. आंबटपणा एकाच घरचा घ्यावा, तो इथे आमसुलांचा. गट्ट्यांच्या पिठात दोन चमचे दही जातं, तेवढंच.

चार जणांना 200 ग्रॅम बेसन पुरतं, म्हणजे सपाट दोन वाट्या. बारीक दळलेलंच घ्या. लाडवाचं रवाळ बेसन गोळा धरत नाही आणि पाण्यात सुटतं. त्यात अर्धा चमचा ओवा हातावर चोळून, एक चमचा तिखट, पाव चमचा हळद, चिमूटभर हिंग, पाऊण चमचा मीठ आणि तीन मोठे चमचे तेल घाला. तेल पिठाला चोळून चोळून लावायचं. मूठ वळली आणि दाबल्यावर भुगा झाला की मोहन बरोबर. तेलात हात आखडला की गट्टे चिवट होतात. बऱ्याच घरी इथेच गडबड होते. तेल फारच झालं तर उकळताना तडे जातात. मग दोन मोठे चमचे दही आणि लागेल तसं चमच्या-चमच्यानं पाणी घालून पुरीच्या कणकेइतकं घट्ट मळा. खायचा सोडा नको, थोडा जरी जास्त झाला तरी गट्टे पाण्यात विरतात.

हाताला तेल लावून बोटाएवढ्या जाड वळकट्या करा. एक लिटर पाण्याला खळखळ उकळी आली की एकेक सोडा. कोमट पाण्यात सोडल्या तर पीठ पाण्यात उतरतं. त्या लवकर तरंगायला लागतात, पण तरंगल्या म्हणजे शिजल्या असं नाही. दहा-बारा मिनिटांनी वरून बारीक पुटकुळ्या दिसतात आणि सुरी घातली तर कोरडी निघते, तेव्हा काढा. पाणी टाकू नका. गरम असताना कापल्या तर कडा तुटतात. दहा मिनिटं निवू द्या, मग पेराएवढे तुकडे करा.

‘मग ही पाटवडीच की!’ असं कुणीतरी म्हणणारच. नाही. पाटवडीचं बेसन आधी शिजवून, थापून वड्या पाडतात. गट्ट्यांचं पीठ कच्चं वळून मग उकळतात, म्हणून ते रश्श्यात बराच वेळ शिजले तरी टिकतात.

आता वाटप. दोन मोठे कांदे पातळ उभे चिरून चमचाभर तेलावर मध्यम आचेवर परता. कडा काळपट-तपकिरी व्हायला बारा मिनिटं तरी लागतात. सहा-सात लसूण पाकळ्या शेवटी त्यातच. कांदा काढून घ्या, मगच त्या कढईत अर्धी वाटी किसलेलं सुकं खोबरं मंद आचेवर भाजा. दोन्ही एकत्र भाजले तर कांद्याच्या पाण्यात खोबरं वाफतं, भाजत नाही. तांबूस रंग आला की लगेच ताटलीत काढा, कारण गॅस बंद केला तरी तापलेल्या कढईत ते पुढे भाजतच राहतं आणि कडू होतं. निवलं की कांदा-लसूण आणि खोबरं एकत्र गट्ट्यांच्या पाण्यावर गंधासारखं बारीक वाटा. भरड राहिलं तर रस्सा फुटल्यासारखा दिसतो. मालवणी मसाल्यात धणे, मिरी, लवंग, बडीशेप असतातच, वाटपात परत घालू नका. मसाला लालबागच्या मिरची गल्लीतला असो की गावाहून आलेला, आधी चिमूटभर चाखा. तिखटपणा घराघराचा वेगळा.

दोन मोठे चमचे तेलात हिंग घालून वाटप परता. कडेनं तेल सुटलं की आच कमी करून दोन चमचे मसाला, आणि लगेच पाण्याचा हबका, नाहीतर मसाला करपतो. मग दोन वाट्या गट्ट्यांचं पाणी, एक वाटी साधं पाणी. उकळी आली की गट्टे सोडून मंद आचेवर आठ मिनिटं. चार-पाच आमसुलं शेवटच्या तीन-चार मिनिटांतच. जास्त उकळली तर रस्सा नको तितका आंबट होतो. मीठ सगळ्यात शेवटी, चव घेऊन, कारण गट्ट्यांचं पाणीही खारट आणि आमसुलंही.

गॅस बंद करताना रस्सा आमटीइतका पातळ दिसला पाहिजे. गट्टे रस्सा पितात, अर्ध्या तासात तोच दाट होतो. बरोबर तांदळाची भाकरी किंवा भात. चौघांचं सगळं मिळून साधारण शंभर रुपयांत बसतं. तेवढ्यात नुसतं 200 ग्रॅम पनीर येतं.

डब्यात न्यायचं असेल तर गट्टे आणि रस्सा वेगवेगळे भरा आणि खाताना एकत्र करा. रविवारी करून ठेवायचं झालं तर उकडलेल्या वळकट्या न कापता फ्रिजमध्ये दोन दिवस नीट राहतात. वाटप फ्रीझरमध्ये ठेवता येतं, फक्त त्यात पाणी कमीत कमी घालून वाटा.